कॅमेरा घरात घेण्याआधी

प्रश्न: मी घरी शिवणकाम करते. घरात आई, मी आणि नऊ वर्षांचा मुलगा. आमच्या वस्तीला पाडकामाची नोटीस आली आहे. तीन महिन्यांपासून डॉक्युमेंटरी करणारे दोघं येतात, एक मुलगी आणि एक कॅमेरावाला. मुलगी मनानं चांगली आहे, आईशी तासन्‌तास बोलते. आता त्यांना आमचं रोजचं जगणं घरात येऊन शूट करायचं आहे. शनिवारी दोन पानी कागद घेऊन सहीला येणार आहेत. शेजारचे म्हणतात, वस्तीची अब्रू जाईल आणि पैसे हे लोक कमावतील. आमचं म्हणणं बाहेर जावं असं मला फार वाटतं, पण धाकधूकही आहे. सही करू का? पैसे मागितले तर वाईट दिसेल का? नंतर नको वाटलं तर काय? आणि आईचं काय करू? ती त्या मुलीला कशालाच नाही म्हणत नाही.

उत्तर: ताई, फिल्मला जरूर हो म्हणा, पण शनिवारी सही करू नका. कागद ठेवून घ्या, आठवडाभराची मुदत मागा आणि वाचता येणाऱ्या एखाद्या विश्वासू माणसाकडून तो ओळ न्‌ ओळ समजावून घ्या. कागद तुम्हाला न येणाऱ्या भाषेत असेल तर तुमच्या भाषेतली प्रत मागा, आणि तिच्यावरही त्यांची सही घ्या. 'अहो, फॉर्मॅलिटी आहे, इथंच करून टाका' असं कोणी म्हणालं तरी ओशाळू नका. नीट काम करणारा माणूस मुदतीला नाही म्हणत नाही.

या कागदाला संमतीपत्र किंवा रिलीज म्हणतात. त्यात बहुधा असं असतं की तुमचा चेहरा, आवाज आणि घराचं चित्रण जगभर, आजच्या आणि पुढं येणाऱ्या सर्व माध्यमांत, कायमचं वापरता येईल. हे वाचून पोटात गोळा येतो, पण एवढ्यानं घाबरू नका. हा कागद नसेल तर सहसा चॅनल किंवा वितरक फिल्म हातात धरत नाहीत, त्यामुळं 'या फिल्मसाठी' एवढी परवानगी त्यांना लागणारच. धोका पुढच्या शब्दांत असतो. 'या किंवा इतर कोणत्याही निर्मितीसाठी' असं लिहिलेलं असेल तर ते खोडा. नाहीतर तुमच्या आईचा रडतानाचा तुकडा उद्या भलत्याच कार्यक्रमात किंवा कुठल्या संस्थेच्या देणगीच्या जाहिरातीत फिरेल, आणि तोही कायदेशीररीत्या. 'चित्रीकरण पाहण्याचा किंवा मंजूर करण्याचा हक्क राहणार नाही' आणि 'संमती मागे घेता येणार नाही' ही दोन वाक्यंही शोधा. ती कशी बदलायची ते पुढं सांगतो. छापील कागद बदलत नसतो असं समजू नका. पेनानं खोडायचं, वर हातानं लिहायचं, त्याच्या बाजूला तुम्ही आणि त्यांनी, दोघांनीही सही आणि तारीख टाकायची, आणि प्रत्येक पानाचा फोटो तुमच्या मोबाइलमध्ये ठेवायचा. बस.

शनिवारी कागदापेक्षा प्रश्न महत्त्वाचे. पैसे कोणाचे? फुटेजचा मालक कोण, ही मुलगी की तिला पैसे देणारं कोणी? फिल्म कुठं कुठं दाखवणार? पहिला प्रश्न उद्धट वाटेल, तरी विचाराच. लंडनच्या स्टेपनी भागातल्या पडक्या घरांतली माणसं १९३५ साली 'हाउसिंग प्रॉब्लेम्स' या माहितीपटात स्वतःच्या खोलीत उभी राहून थेट कॅमेऱ्याशी बोलली. उंदीर, किडे, मोडकळीला आलेल्या भिंती, सगळं त्यांच्याच तोंडून. साध्या माणसानं आपल्या घराबद्दल स्वतः बोलावं ही गोष्ट तेव्हा नवी होती. त्या माहितीपटाचा खर्च गॅस कंपन्यांच्या संघटनेनं केला होता, आणि पडक्या घरांवर उपाय म्हणून त्यात पुढं आल्या त्या नव्या इमारती, म्हणजे गॅसची नवी गिऱ्हाइकं. बोलणारी माणसं कळवळून बोलत होती, तरी त्यांचं बोलणं कोणाच्या गाडीला जुंपायचं हे पैसे देणाऱ्याच्या हातात होतं. तुमच्याकडे तर नोटीस आलेली आहे. 'ही जागा राहण्यालायक नाही' असं दाखवणारी फिल्म पाडणाऱ्याच्याही कामी येते आणि वाचवणाऱ्याच्याही. ती कोणत्या बाजूला झुकणार, हे त्या मुलीला सरळ विचारा.

फिल्मचं नावही विचारा. आत्ताचं नाव तात्पुरतं असणार, पण नाव आणि पोस्टर ठरताना तुम्हाला आधी सांगायचं, एवढं कागदावर लिहून घ्या. ब्रिटनमध्ये २०१४ साली बर्मिंगहॅममधल्या एका गल्लीवर टीव्ही मालिका झाली. ही मालिका शेजारधर्माबद्दल आहे असं आम्हाला सांगितलं होतं, अशी तिथल्या रहिवाशांची तक्रार होती. प्रत्यक्षात ती आली 'बेनिफिट्स स्ट्रीट' या नावानं, म्हणजे सरकारी भत्त्यांवर जगणाऱ्यांची गल्ली. एकदा असं नाव लागलं की आत कितीही चांगलं दाखवलेलं असो, बघणारा आधीच मत बनवून बसतो.

आता शूटिंगकडे येऊ. एका तासाच्या फिल्मसाठी साठ, शंभर किंवा त्याहूनही जास्त तास शूट होतं. म्हणजे तुम्ही जे बोलाल त्यातलं फार थोडं राहणार, आणि काय राहणार ते एडिटिंगमध्ये ठरणार. म्हणून वाक्य कसं बांधता याला फार महत्त्व आहे. समजा तुम्ही म्हणालात, 'आमच्याकडे भांडणं खूप होतात. कारण नळ एकच आहे आणि पाणी अर्धा तास येतं.' एडिटर पहिल्या पूर्णविरामावर कात्री लावू शकतो, आणि फिल्ममध्ये उरतं 'आमच्याकडे भांडणं खूप होतात'. तेच असं सांगा: 'नळ एकच आणि पाणी अर्धा तास, म्हणून आमच्याकडे भांडणं होतात.' कारण आधी, गोष्ट नंतर, मध्ये 'म्हणून', आणि सगळं एका दमात. असं वाक्य तोडलं तर कानाला लगेच खटकतं. 'दारू आहे, पण...' असं सुरू होणारं वाक्य तर टाळाच, कारण 'पण'च्या आधी थांबणं सगळ्यात सोपं. ज्या विषयांवर नक्की विचारतील, म्हणजे नोटीस, पाणी, मुलाची शाळा, तुमची कमाई, त्यांची अशी चार-पाच वाक्यं आधी मोठ्यानं बोलून बघा. पाठ करू नका, पाठ केलेलं कॅमेऱ्यात कळतं. जीभ वळली की पुरे.

मुलाखतीत आणखी एक गोष्ट होते. तुमचं उत्तर संपतं आणि समोरची मुलगी काहीच बोलत नाही, नुसती बघत राहते. ही तिच्या कामाची रीत आहे. शांतता असह्य होऊन माणूस आपणहून जास्तीचं बोलतो, आणि बऱ्याचदा तेच फिल्ममध्ये जातं. तुमचं सांगून झालं असेल तर तुम्हीही गप्प राहा, पाणी प्या. ती पुढचा प्रश्न विचारेल. प्रश्नाचा आवाज नंतर कापला जातो, म्हणून 'हो', 'नाही', 'तेच तर' अशी उत्तरं त्यांच्या उपयोगाची नसतात. उत्तरातच प्रश्न घेऊन बोलायला सांगतील, ते करा. त्यात तुमचाही फायदा आहे, कारण कशाबद्दल बोलताय ते वाक्यातच पक्कं होतं.

सगळ्यात मोठी चूक माईकची होते. कॉलरला टाचणीएवढा माईक लावतात, त्याची वायर कपड्यांच्या आतून कमरेच्या छोट्या डबीला जाते. दहा मिनिटांत माणूस तो विसरतो. तुम्ही उठून मागच्या दारी गेलात, शेजारणीला कानात काही सांगितलंत, आईशी पैशांवरून बोललात, तरी आवाजवाल्याच्या कानातल्या हेडफोनमध्ये ते स्वच्छ ऐकू येतं आणि रेकॉर्डही होतं. कॅमेरा दुसरीकडे वळलेला असला तरी. खासगी बोलायचं असेल तर आधी माईक काढायला लावा. 'बंद केलाय' एवढ्यावर भागवू नका, अंगावरून उतरवून घ्या. संडासला जातानासुद्धा. शूटिंगच्या वेळी पंखा आणि फ्रिज बंद करायला सांगतात, कारण त्यांची घरघर आवाजात येते. तो फ्रिज परत चालू करायचा राहून जातो आणि आतलं नासतं. काही आवाजवाले स्वतःच्या गाडीची किल्लीच फ्रिजमध्ये ठेवतात, म्हणजे निघताना आठवतंच. तुमच्याकडच्यालाही सांगा.

पहिल्या शूटिंगआधी कॅमेरावाल्याला दहा मिनिटं घरभर फिरवा आणि काय दिसायला नको ते बोट दाखवून सांगा. घराचा क्रमांक, भिंतीवर अडकवलेली कागदपत्रं, औषधांच्या बाटल्या, मुलाच्या गणवेशावरचा शाळेचा बिल्ला, मोबाइलचा स्क्रीन, गिऱ्हाइकांची नावं लिहिलेली तुमची वही. मीटरशिवायची वीज किंवा परवानगीशिवाय चढवलेला माळा असेल तर तोही. तुमचा असो की शेजाऱ्याचा, फिल्ममधला असा प्रत्येक तुकडा उद्या नोटीस देणाऱ्याच्या टेबलावर पुरावा म्हणून येऊ शकतो. न वापरलेलं फुटेजही हार्ड डिस्कवर वर्षानुवर्षं राहतं आणि कोर्टानं मागितलं तर द्यावं लागू शकतं. म्हणून 'एडिटमध्ये काढू'वर विसंबू नका. जे धोक्याचं आहे ते शूटच होऊ देऊ नका.

कोणाला चेहरा दाखवायचा नसेल तर 'नंतर ब्लर करू' हे उत्तर अपुरं आहे. चेहरा धूसर केला तरी आवाज, चाल, घरातला पडदा, हातातली बांगडी यावरून ओळखीचा माणूस ओळखतोच. नुसता जाडा-बारीक केलेला आवाज पुन्हा मूळ पट्टीत आणता येतो. खरंच लपायचं असेल तर पाठीमागून, फक्त हातांवरून किंवा उजेडाकडे पाठ करून शूट करायला सांगा, आणि बोलणं दुसऱ्या कोणाच्या आवाजात भरायला सांगा.

दारातून पुन्हा आत या, मशीन परत चालवून दाखवा, असं सांगितलं तर खुशाल करा. एकच कृती दोन बाजूंनी लागते. पण टीव्ही चादरीखाली झाका, हा नवा मोबाइल नको, जुना ड्रेस घाला, मघाशी रडलात तसं परत सांगा, असं काही सुरू झालं की तिथंच थांबवा. ही मागणी तुमचं घर आहे त्याहून गरीब दाखवण्याची आहे. कोलंबियातल्या लुईस ऑस्पिना आणि कार्लोस मायोलो या दिग्दर्शकांनी १९७८ साली अशाच वृत्तीवर बोट ठेवणारी फिल्म केली. परदेशी टीव्हीसाठी रस्त्यावरच्या गरिबांमागं कॅमेरा घेऊन धावणारे लोक तीत दाखवलेत. हप्त्यांनी घेतलेला टीव्ही तुमच्या कष्टाचा आहे. तो दिसू दे.

मुलाबद्दल आमचं मत जास्त कडक आहे. पालक म्हणून सही तुमची, पण त्यालाही त्याच्या भाषेत विचारा, आणि दर वेळी विचारा. तो 'आज नको' म्हणाला की त्या दिवशी नाही. आंघोळ, झोप, मार खाणं, रडणं, आजारपण, यातलं काहीही शूट होणार नाही, असं कागदावर लिहा. त्याची मुलाखत तुमच्या गैरहजेरीत नाही. शाळेचं नाव नाही. नवव्या वर्षी गंमत वाटलेला तुकडा एकोणिसाव्या वर्षी नोकरीच्या ठिकाणी कोणी काढून दाखवला तर त्याला काय वाटेल, ते आत्ता तुम्हालाच ओळखावं लागणार. शंका असेल तिथं तो फ्रेमच्या बाहेर राहू दे. त्याच्यावाचून फिल्म अडत नाही.

शेजाऱ्यांचा राग मनावर घेऊ नका, पण उडवूनही लावू नका. तुमची सही त्यांच्या वतीनं होत नाही. गल्लीच्या तोंडाशी कागद लावायला सांगा: अमुक दिवशी, अमुक वेळेत, इथून इथपर्यंत शूटिंग आहे, हरकत असेल तर या नंबरवर सांगा. नंबर फिल्मवाल्यांचा, तुमचा नाही. पाण्याची रांग आणि संडासाची रांग अजिबात नको. ज्याला यायचं नाही त्याला वाट बदलायला लावण्यापेक्षा कॅमेऱ्यानं वळावं. 'हे लोक कमावतील' हा शेजाऱ्यांचा प्रश्न जुना आणि खरा आहे. आनंद पटवर्धनांच्या १९८५च्या 'हमारा शहर'मध्ये एक बाई कॅमेऱ्यासमोरच दिग्दर्शकाला फैलावर घेते की तुम्ही गरिबांचे फोटो काढून नाव मिळवणार, आमच्यासाठी काय करणार? तो प्रसंग फिल्ममध्ये तसाच आहे. तुमच्या शेजाऱ्यालाही हे त्या मुलीच्या तोंडावर विचारू द्या, हवं तर कॅमेरा चालू असताना.

पैसे मागण्यात वाईट काही नाही, फक्त कशाचे ते नीट सांगा. अनेक माहितीपटवाले बोलण्याचे पैसे देत नाहीत, कारण पैसे घेऊन बोललेलं खरं मानलं जात नाही. पण शिवणाचं मशीन चार तास बंद राहिलं त्याची भरपाई, प्रवासखर्च, त्यांच्या दिव्यांनी जाळलेली वीज, हे मागायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. किती कपडे शिवायचे राहिले ते रोज वहीत लिहा आणि त्याच आठवड्यात हिशेब घ्या. फिल्मनं पुढं कमाई केली तर त्यातला वाटा घराला की वस्तीला, हेही आधीच लिहा, कारण नंतर मागून मिळत नाही. फ्रान्समधल्या एका छोट्या शाळेवरचा २००२ सालचा 'एत्र ए आव्वार' हा माहितीपट खूप चालला, तेव्हा त्यातल्या शिक्षकानं कमाईत वाटा मागितला. २००४ साली पॅरिसच्या कोर्टानं तो दावा फेटाळला.

आता त्या दोन वाक्यांकडे येतो. 'मंजुरीचा हक्क नाही' याच्या जागी लिहा: 'रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जुळणी, तयार झाल्यावर, पिक्चर लॉक होण्याआधी, आम्हाला घरी येऊन पूर्ण दाखवला जाईल आणि सांगायला सात दिवस दिले जातील. आमच्या सुरक्षेला धोका असलेला, मुलाला त्रास होईल असा किंवा माहिती चुकीची असलेला भाग काढला जाईल.' पूर्ण फिल्मवर नकाराधिकार मागाल तर ते कचरतील, आणि त्यांचंही खरं आहे, उद्या तो कोणी बडा माणूसही मागेल. या तीन कारणांपुरता मागितला तर बहुतेक जण मानतात. ही काही जगावेगळी मागणी नाही. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डानं १९६७ साली फोगो बेटावरच्या मच्छीमारांबरोबर फिल्म्स केल्या, तेव्हा त्या आधी त्याच माणसांना दाखवून त्यांची मंजुरी घेतली होती. त्याच बोर्डाच्या पुढच्या एका उपक्रमात माँट्रियलच्या सेंट-जाक या गरीब भागातल्या नागरिक समितीनं तर व्हिडिओ कॅमेरा स्वतःच चालवला.

पिक्चर लॉक म्हणजे दृश्यांचा क्रम आणि लांबी पक्की होणं. त्यानंतर रंग, आवाज, संगीत त्याच मापावर बसवतात, मग पाच सेकंदं काढायची तरी सगळं हलवावं लागतं. म्हणून तारीख धरून राहा. फिल्म मोबाइलवर बघू नका, मोठ्या पडद्यावर, आवाजासकट, विश्वासातल्या एकाला सोबत घेऊन दोनदा बघा. पहिल्यांदा नुसती. दुसऱ्यांदा पडद्यावरच्या आकड्यातले मिनिट आणि सेकंद लिहून घ्या: '१४ मिनिटं २० सेकंद, घरक्रमांक दिसतो.' आपण म्हातारे, काळे, थकलेले दिसतो ही चुटपुट सगळ्यांनाच लागते, तिच्यात वेळ घालवू नका. सबटायटल मात्र दोन्ही भाषा येणाऱ्या माणसाकडून तपासून घ्या. आपल्याकडची लाडानं दिलेली शिवी तिथं खरी शिवी होऊन बसते.

मागे फिरायचं झालं तर लवकर फिरा. शूटिंग चालू असताना सोपं, रफ कटला अवघड, प्रदर्शनानंतर जवळपास अशक्य, कारण लोकांनी कापून पसरवलेले तुकडे कोणालाच परत गोळा करता येत नाहीत. 'संमती मागे घेता येणार नाही'च्या आधी 'पिक्चर लॉकनंतर' एवढे दोन शब्द घाला. आणि नकार तोंडी देऊ नका, मेसेज करा, म्हणजे तारीख राहते. प्रदर्शन ठरलं की पहिला खेळ वस्तीत, फेस्टिव्हल नंतर, असंही आत्ताच सांगून ठेवा.

राहता राहिली आई. ती त्या मुलीवर जीव लावून बसली आहे, आणि जीव लावलेल्या माणसाला तोंडावर नाही म्हणणं कोणालाही जड जातं. तिचा होकार त्या मुलीसमोर घेऊ नका. रात्री, तुम्ही दोघीच असताना विचारा: बाबांबद्दल बोलायचंय का? दुखण्याबद्दल? नोटीस आली त्या रात्रीबद्दल? जे नको ते तुम्ही त्या मुलीला आधीच कळवा, आईचं नाव न घेता. आणि एक खूण ठरवा. शूटिंग चालू असताना आईनं चष्मा काढून मांडीवर ठेवला की तुम्ही मशीनवरून उठायचं, 'आता थांबू या, मला शिवण द्यायला जायचंय' म्हणायचं आणि तिच्या कॉलरचा माईक स्वतःच्या हातानं काढायचा.